देवाचे डोळे आणि माझा क्लोज-अप

१ जानेवारी, सकाळी ७.१०

नवीन वही. संकल्प तीन. एक, रोज नीरेच्या पुलापर्यंत चालणे. दोन, चहातली साखर बंद. तीन, ही रोजनिशी, एकही दिवस न चुकवता. मोठ्या कलावंतांच्या रोजनिशा त्यांच्यामागे छापल्या जातात. माझी छापू नये, असं मी आत्ताच लिहून ठेवतो. म्हणजे छापणाऱ्यांना जास्त रस वाटेल.

सकाळी ७.४०

संकल्प दोन मोडला. वर्षाचा पहिला चहा बिनसाखरेचा घेणं बरं दिसत नाही.

५ जानेवारी

चार दिवस लिहिलं नाही, कारण लिहिण्यासारखं काही घडलं नाही. आज घडलं. पुण्याच्या एका टीव्ही चॅनेलचा फोन. शिवानी नावाच्या बाई, दिग्दर्शक, बोलणं नम्र. आजच्या चित्रकारांवर मालिका करताहेत. माझ्यावर पंचेचाळीस मिनिटं. आयुष्य आणि काम, दोन्ही.

अठ्ठावन्नाव्या वर्षी का होईना, भोरकडे कुणाचं तरी लक्ष गेलं. इथे लोक मला अजून 'पेंटर' म्हणतात. पूर्वी हायवेवर शिवऱ्याच्या धाब्यांच्या पाट्या रंगवायचो, ते कुणी विसरायला तयार नाही. चित्रांवर मी 'कुंडल' अशी सही करतो. कुंडलिक नावाला गॅलरीत कुणी वळून बघत नाही.

शिवानीबाईंनी विशेष चौकशी केली ती गेल्या दोन वर्षांतल्या चित्रांची. म्हणजे माझ्या नव्या पर्वाची बातमी पुण्यात पोचली आहे. या चित्रांत कडेकडेने भाटघर धरणाचं पाणी, डोंगर, झाडं असतात आणि मध्ये नुसती राखाडी धूळ. एका समीक्षकाने लिहिलं, चित्रकाराने केंद्राचा त्याग केला आहे. तो मी मुद्दाम केला. करताना लक्षात आलं नव्हतं, पण वाचल्यावर आठवलं.

रत्नाला सांगितलं. काटवटीत पीठ मळताना, मान वर न करता म्हणाली, "बरं झालं. भिंती तेवढ्या पुसून घ्याव्या लागतील." तीस वर्षं चित्रकाराशी संसार करून माणूस भिंतींपर्यंतच पोचतं.

११ जानेवारी

वही फसवी निघाली. ओळी मध्येच खचल्यासारख्या छापल्या आहेत. दुकानात परत नेली. दुकानदार संजय म्हणाला, "सरळ हायत की पेंटर." दुसरी दाखवली, तीही तसलीच. तिसरीही. कारखानदारांनी ताळ सोडलाय.

प्रेरणा पुण्याहून आली. नोकरीला लागल्यापासून ती मला मुलीसारखं कमी आणि साहेबासारखं जास्त वागवते. माझ्यासाठी डोळ्यांच्या दवाखान्याची तारीख घेऊनच आली. मागच्या ऑक्टोबरात तिथल्या डॉक्टरबाई बोलल्या होत्या की साखरेने डोळ्यातला पडदा सुजलाय, दर महिन्याला डोळ्यात एक इंजेक्शन घ्यावं लागेल, आणि उशीर केलात तर गेलेली नजर परत यायची नाही. घाबरवणं हा त्यांचा धंदा. मी जन्मभर डोळ्यांवर जगलेला माणूस. माझ्या डोळ्यांबद्दल मला सांगण्याइतकी ती मुलगी मोठी नाही.

तरी जाणार. तारीख २२. नक्की.

२२ जानेवारी

गेलो नाही. ऐकलं की इंजेक्शननंतर डोळा लाल होतो. दहा दिवसांवर शूटिंग. लाल डोळ्याने क्लोज-अप द्यायचा? प्रेक्षकांना काय वाटेल? नवी तारीख १९ फेब्रुवारी. प्रेरणाने फोनवर ती लिहून घेतली. याचा अर्थ पटलं.

२ फेब्रुवारी, संध्याकाळ

युनिट आलं. शिवानी, कॅमेरावाला स्वरूप, आणि आवाजवाला एक. माझा स्टुडिओ म्हणजे जुनी पिठाची गिरणी. प्रकाश उत्तम असायचा, हल्ली व्होल्टेज फारच कमी झालंय. स्वरूप म्हणाला, भरपूर उजेड आहे सर. पुण्याच्या मुलांना उजेडाची पारख नाही.

पहिला शॉट, मी स्वतः चहा ओततोय. कप जागेवरून सरकला. कुणी सरकवला कळलं नाही. चहा टेबलावर, टेबलावरून पायावर. मला वाटलं थांबतील. कॅमेरा थांबला नाही. शिवानी हळूच म्हणाली, "हे ठेवू."

कलावंताची बेफिकिरी. चांगली नजर आहे पोरीला.

३ फेब्रुवारी

आंबवड्याच्या झुलत्या पुलावर शॉट. मला एकट्याला चालायला लावलं. पूल हलत होता. हलणं हे त्याचं कामच, पण आज जरा जास्त हलत होता. मध्यावर थांबून मी कठड्याला धरून चिंतन केलं. दहा मिनिटं. मग स्वरूप येऊन हात धरून घेऊन गेला.

दुपारी रत्नाची मुलाखत, स्वयंपाकघरात, दार लावून. चाळीस मिनिटं. समकालीन कलेवर ती चाळीस मिनिटं काय बोलली असेल देव जाणे. बाहेर आली तेव्हा नाक ओढत होती. विचारलं तर म्हणाली, "कांदं चिरीत हुते." मुलाखत देताना कांदे चिरणारी बाई जगात एकच असेल.

शिवानीने जाताना विचारलं, "सर, तुम्हाला अंधाराची भीती वाटते का?" मी म्हणालो, रंग म्हणून काळ्याचा मी आदर करतो. तिने लिहून घेतलं नाही.

८ फेब्रुवारी

वेल्ह्याकडून कातळवाडीचे सोनबा गुरव आले. चैत्रातल्या जत्रेचं आवतण.

हे लिहून ठेवलं पाहिजे, कारण माझ्या घराण्याचा हा मान आहे. कातळवाडीच्या भैरवनाथाचा शेंदूर दरवर्षी जत्रेआधी उतरवतात. नवा शेंदूर चढला की देवाला डोळे नसतात. ते आमच्या घरातल्या माणसाने काढायचे. आजोबांनी काढले, वडिलांनी काढले, सव्वीस वर्षं मी काढतोय. उपाशी पोटी, ओल्या वस्त्राने, न बोलता. कुंचला एकदा टेकला की परत त्याच जागी लावायचा नाही. पुसायचं नाही, सुधारायचं नाही. जसे आले तसे देवाचे वर्षभराचे डोळे. काढून झाले की गुरव समोर आरसा धरतो आणि देव पहिल्यांदा स्वतःलाच बघतो. मग बाकीच्यांनी समोर यायचं. डोळे बिघडले तर वर्ष गावाला जड जातं म्हणतात. अजून कधी बिघडले नाहीत.

सोनबा बराच वेळ बसले. दोनदा चहा घेतला. उठताना म्हणाले, "यंदा प्रेरणाला धाडलं तरी चालंल, पेंटर. पोरीचा हात तुमच्यावानी हाय. मान घरातच ऱ्हातोय." गावाने ठरवलंय, म्हणाले. मुलगी असली तरी चालंल म्हणाले.

मी पुरोगामी माणूस आहे. मुलीला मान द्यायला माझी कधीच हरकत नसती. पण यंदा टीव्ही येणार आहे. मी स्पष्ट सांगितलं, मी हयात आहे. सोनबा म्हणाले, "व्हय, तेबी खरंच." आणि जिना उतरताना तीनदा मागे वळून पाहिलं. रत्नाने सांगितलं म्हणून कळलं.

१९ फेब्रुवारी

दवाखान्याला निघालो होतो. मनापासून. प्रेरणा न्यायला येणार होती, तिला म्हटलं, मला एसटी कळते. भोर स्टँडवर स्वारगेटची पाटी वाचून बसलो. गाडी हिरडोशीच्या पुढे गेली तेव्हा कंडक्टरने तिकीट विचारलं. ती महाडची होती.

एसटीच्या पाट्या रंगवायला हल्ली कुणाला ठेवतात? अक्षराला अक्षर लागत नाही. माझ्या काळात वीस फुटांवरून वाचता यायची. तक्रार अर्ज करणार आहे.

६ मार्च, सकाळ

उठलो तर उजव्या डोळ्यात पाण्यात शेंदूर सांडावा तसं काहीतरी तरंगत होतं. मान हलवली की तेही हलतं. पुसून जात नाही. रत्नाला सांगितलं नाही. सांगितलं तर पुण्याला फोन जाईल, पुण्याहून प्रेरणा येईल, आणि चैत्र हातचा जाईल.

घाबरलो, असं नाही. थोडा वेळ पलंगावर बसून राहिलो.

दुपार

सराव केला. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर डोळ्यांच्या चाळीस जोड्या. हाताला सगळं पाठ आहे, डोळ्यांची गरजच पडत नाही. रत्ना बघायला आली. बऱ्याच वेळाने म्हणाली, "चाललंय की चांगलं." मग सगळे कागद गोळा करून बंबात घातले. सराव ठेवायचा नसतो हे तिला कळतं, बरं वाटलं.

२० मार्च

बॉलपेन सोडलं. आता जाड मार्कर. एका पानावर सहा ओळी मावतात. लिहिण्याला भव्यता आली.

रत्नाने जिन्याच्या प्रत्येक पायरीला पांढरी पट्टी मारली आहे. उंबऱ्यालाही. न्हाणीपर्यंत भिंतीने दोरी बांधली आहे, म्हणते कपडे वाळवायला. घराची पार रया गेली. युनिट परत येण्याआधी सगळं काढायला लावणार.

२३ मार्च

प्रेरणाने पुण्याच्या दवाखान्यातून फोन केला आणि स्पीकरवर टाकला. पलीकडे डॉक्टरबाई. म्हणाल्या, आठवड्याभरात या, डाव्या डोळ्याचं अजून काही करता येईल. मी म्हणालो, बारा एप्रिलला येतो, दहाला माझा एक कार्यक्रम आहे. त्या म्हणाल्या, "बारापर्यंत थांबणार नाही तो." कोण, असं मी विचारलं. डोळा, म्हणाल्या.

मग प्रेरणा रडली. "बाबा, देवाचे मी काढते, तुम्ही तुमचे सांभाळा." मला संताप आला. वाट्टेल ते बोललो. काय बोललो ते इथे लिहीत नाही. तिने फोन ठेवला. त्यानंतर तिचा फोन आलेला नाही. माझाही गेलेला नाही. मी बाप आहे, आधी तिने करायचा.

मला तिची आठवण येते. हे लिहून ठेवण्याचं कारण नाही, तरी लिहिलं.

९ एप्रिल, कातळवाडी, संध्याकाळ

पोचलो. जुना शेंदूर उतरवून नवा चढवला आहे. गाभाऱ्यात गेलो. दोन समया लावल्या होत्या म्हणे. मला समोर एक मोठी केशरी ऊब दिसली, मध्ये राख. हात लावून अंतर मोजलं. कपाळ, नाक, गाल. सगळं जागच्या जागी आहे.

मागे कुणी बोलत नव्हतं. कातळवाडीची माणसं एरवी इतकी गप्प नसतात. एक बाई हळूच म्हणाली, "आवं कुणीतरी सांगा की त्येस्नी." दुसऱ्या कुणीतरी तिला गप्प केलं. काय सांगायचं होतं ते राहूनच गेलं.

शिवानी बाहेर पारावर येऊन शेजारी बसली. म्हणाली, "सर, तुम्हाला खरंच करायचंय का हे? नाही केलंत तरी फिल्म होईल. उलट चांगली होईल." दिग्दर्शक नवखे असले की ऐन वेळी त्यांचा धीर सुटतो. मी तिच्या खांद्यावर थोपटलं. तो खांदा स्वरूपचा होता.

१० एप्रिल, दुपारी १२

झालं. अप्रतिम.

सकाळी विहिरीवर आंघोळ, ओलं धोतर, पोटात काही नाही. गाभाऱ्यात मी, सोनबा, कॅमेरा. रत्ना दाराशी. डाव्या हाताच्या बोटाने नाक शोधलं. नाकापासून चार बोटं. एका श्वासात एक डोळा. हात असा वळला की वडिलांची आठवण झाली. मग कुंचला पुन्हा बुडवला, पुन्हा नाक, पुन्हा चार बोटं, दुसरा डोळा. कुठे अडखळलो नाही.

मागे सरकून उभा राहिलो. शांतता. मुंबईच्या प्रदर्शनात, भाषणं संपल्यावरही अशी शांतता नव्हती. बाहेर हलगी वाजत होती, तीही थांबली. मी सोनबांना खुणेने सांगितलं, आरसा. सोनबांनी आरसा उचलला नाही. भारावून गेले असणार. वय झालं त्यांचं.

बाहेर आलो तेव्हा कुणी पाया पडलं नाही. दरवर्षी पडतात. रत्नाने माझा हात घट्ट धरला आणि पारापर्यंत सोडला नाही. इतक्या वर्षांनी तिला माझ्या कामाचं मोल कळलं.

१२ एप्रिल

जत्रा झाली. देवाच्या तोंडावर भगवं कापड टाकून ठेवलं होतं. नवस, नारळ, पालखी, सगळं कापडावरूनच. कारण उघड आहे. टीव्हीवर यायच्या आधी फुकटात बघू द्यायचं नाही. कातळवाडीतही आता मार्केटिंग कळतं.

दवाखाना आज होता. थकवा होता. रद्द.

२९ एप्रिल

गेलो एकदाचा. रत्ना आणि प्रेरणा दोघींच्या मध्ये बसून. प्रेरणा आपणहून आली. मी फोन केला नव्हता, तिनेही नाही. भांडण मिटलं.

डॉक्टरबाईंनी दोन्ही डोळे तपासले. खूप वेळ लावला. मग म्हणाल्या, आता इंजेक्शन द्यायचं कारण उरलेलं नाही. मी म्हणालो, हेच मी ऑक्टोबरापासून सांगतोय. डॉक्टरबाईंनी फाईल मिटली.

येताना प्रेरणाने गाडीत पेढा दिला. साखरेचा पेढा, तिने, स्वतःच्या हाताने. मला कसंतरीच झालं. खाल्ला.

११ मे

पट्टी धरून लिहितो. पट्टी सरकते. प्रक्षेपण २४ मे, संध्याकाळी ७. सगळ्यांना बोलवायचं. सोनबांनाही. पहिल्या रांगेत बसवायचं.

२४ मे

ही नोंद प्रेरणाच्या हातची. मी सांगतोय, ती लिहितेय. मागचं वाचू नकोस म्हणालो. ती म्हणते, आधीच वाचलंय.

नवा कुर्ता घातला होता. घरात पंचवीस माणसं. कातळवाडीहून सोनबा आणि आणखी तिघे. संजय दुकान बंद करून आलेला. सातला सुरू झालं. आधी संगीत, मग भाटघरच्या पाण्याचा आवाज, मग शिवानीचा आवाज. पहिलं वाक्य असं होतं:

"चित्रकार कुंडलिक यांची नजर गेली चार वर्षं जाते आहे. त्यांच्या घराला हे माहीत आहे, गावाला माहीत आहे. त्यांना स्वतःला ते अजून कुणी पटवून देऊ शकलेलं नाही."

मला वाटलं दुसऱ्याच कुणाची फिल्म लागली. कुंडल म्हणा, असं मी त्यांना दहादा सांगितलं होतं.

मग चहा ओतल्याचा आवाज. टेबलावरून पायावर पडलेला. तो मी ओळखला. खोलीत कुणी हसलं नाही. पुलाची करकर. मग रत्नाचा आवाज, स्वयंपाकघरातला. मागे खरंच कांदा चिरत होती. "त्यास्नी सांगून काय उपेग? डोळं गेलं असं म्हनलं, की त्यांच्यापाशी दुसरं ऱ्हातंय काय? म्हनून मीबी दिसतंयच असं धरून वागते. मीठ त्यांच्या हाताखालीच ठिवते. सापडलं की म्हन्त्यात, बघ, लगेच दिसलं."

मीठ नेहमी लगेच दिसायचं, हे खरं आहे.

मग सोनबा. टीव्हीतले. "आमाला म्हाईत हुतं. गेल्या साली एक डोळा खाली आला हुता. पन मान त्यांचा. त्यांनी सोडल्याबिगर आमी कसा काढून घ्यावा? मानसाला न्हाई म्हनवंना झालं, मग देवाच्याच तोंडावर घेतलं आमी." खोलीतले सोनबा माझ्या डाव्या बाजूला बसले होते. ते खोकले.

मग हलगी. मग हलगी थांबली. मला कळलं आता गाभारा आहे. शांतता सुरू झाली. दहा एप्रिलची तीच ती शांतता. मी वाट बघितली. शिवानी काहीतरी बोलेल असं वाटलं. काही बोलली नाही. मी विचारलं, नीट आलेत का? कुणाला असं नाही, असंच विचारलं.

रत्ना म्हणाली, "दोनी लई चांगलं आल्यात. अगदी मामंजींच्या हातासारखं. पर एकावर एक हायत."

मी विचारलं, आणि दुसऱ्या बाजूला?

"दुसऱ्या बाजूला निस्ता शेंदूर."

मी पुढच्या आवाजाची वाट बघत बसलो. प्रेरणाला विचारलं, लिहिलंस का हे. ती म्हणाली, हो बाबा. आता शेंदूर पुढच्या चैत्रात उतरेल, तोवर देवाच्या तोंडावर कापडच राहील, असं सोनबा म्हणाल्याचं आठवतं. कधी म्हणाले ते आठवत नाही. पायांचे आवाज आले, दाराचे आले. मंदिरातली शांतता मात्र संपेना. शेवटी मी म्हणालो, आता पुरे, बंद करा तो टीव्ही.

रत्ना म्हणाली, "कवाच बंद केलाय. सगळी गेली घरला."